काम दोन दिवसांचं, उधारी नव्वद दिवसांची

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मालिकांच्या नायिकांचे दागिने, साखरपुडे आणि 'तिने मालिका का सोडली' याची चर्चा सगळ्याच वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांत असते. गुन्हेगारी मालिकेत एका भागापुरती येणारी, पहिल्या दहा मिनिटांत मरणारी किंवा शेवटच्या पाच मिनिटांत गुन्हा कबूल करणारी बाई मात्र कुणाच्या खिजगणतीत नसते. हे पत्र तिच्या कामाबद्दल आणि मुख्यतः तिच्या हिशेबाबद्दल आहे. अशा मालिकांच्या कास्टिंगमध्ये, सेटवर आणि अकाउंटच्या टेबलावर काम करणाऱ्या आम्ही काही जणांनी ते मिळून लिहिलं आहे. अभिनयाची हौस असलेल्या मुली नाशिक, कोल्हापूर, नागपूरहून एकांकिका स्पर्धांची प्रमाणपत्रं घेऊन अंधेरीत उतरतात. त्यांना आणि त्यांच्या घरच्यांना यातलं थोडं जरी आधी ठाऊक असेल तर पुष्कळ मनस्ताप वाचेल.

'सीआयडी' ही मालिका २१ जानेवारी १९९८ला सुरू झाली आणि २७ ऑक्टोबर २०१८ला थांबली तेव्हा तिचे १५४७ भाग झाले होते. डिसेंबर २०२४मध्ये ती पुन्हा आली. 'क्राइम पेट्रोल' २००३पासून, 'सावधान इंडिया' २०१२पासून. मराठीत 'लक्ष्य' आणि 'अस्मिता' होत्या, त्याआधी दूरदर्शनवर 'एक शून्य शून्य'. या सगळ्यांत तपास करणारी माणसं कायमची आणि ज्यांचा तपास होतो ती दर भागाला नवी. भागाला पाच पाहुणी पात्रं धरली आणि एकच गोष्ट दोन भागांत चालते असे जोडभाग वजा केले, तरी एकट्या 'सीआयडी'ने काही हजार भूमिका वाटल्या असणार. शिवाजी साटम किंवा दयानंद शेट्टी यांना महाराष्ट्रातलं शेंबडं पोरही ओळखतं. त्यांच्यासमोर खुर्चीत बसून रडलेल्या बायकांपैकी एकीचं तरी नाव आपल्याला आठवतं का?

भूमिका मिळते ती व्हॉट्सअॅपवर. को-ऑर्डिनेटरचा, म्हणजे कमिशनवर कलाकार पुरवणाऱ्या मध्यस्थाचा, निरोप चार ओळींचा असतो: फीमेल, २५ ते ३०, मिडल क्लास लुक, दोन दिवस, नायगाव, परवा शूट, आज ऑडिशन पाठवा. तासा-दोन तासांत व्हिडिओ गेला तर गेला. फोन आडवा, स्टँडवर, डोळ्यांच्या उंचीला. मागे मोकळी भिंत. उजेड समोरच्या खिडकीतून. खिडकी पाठीमागे असली की चेहरा काळवंडतो आणि तो व्हिडिओ तीन सेकंदांत पुढे सरकवला जातो. आधी ओळख: नाव, उंची, राहण्याचं ठिकाण, मोकळ्या तारखा, मग डावी-उजवी बाजू दाखवायची. ओळख हसतमुखाने द्यावी, कारण सीनमध्ये बहुधा रडायचंच असतं आणि फ्लॅशबॅकमध्ये सुखी दिसणारा चेहरा आहे का, हे निवडणाऱ्याला तिथेच कळतं. बऱ्याच मुली ओळखही सुतकी चेहऱ्याने देतात. अंधेरीतल्या आराम नगरात, जिथे कास्टिंगची ऑफिसं आहेत, दारादारांत 'नॉट फिट' ऐकण्यापेक्षा हा मार्ग बरा, पण तेवढाच निर्दयीही. नकार येत नाही, नुसता निरोपच येत नाही.

मराठी मुलींची एक खास अडचण उच्चारांची. आपण 'है' हा 'हय'सारखा आणि 'और' हा 'अउर'सारखा म्हणतो, 'चाय'मधला 'च' 'चमचा'तल्या 'च'सारखा दाताशी आणतो. हिंदी मालिकेच्या कास्टिंगला हे ऐकू आलं की फाइल थेट 'मोलकरीण', 'हवालदार बाई', 'चाळीतली शेजारीण' या कप्प्यात जाते. त्या भूमिकांत कमीपणा काहीच नाही, पण कप्पा एकदा पडला की बदलत नाही. रोज वीस मिनिटं हिंदी बातम्या मोठ्याने वाचून, रेकॉर्ड करून ऐकल्या तर दोन-तीन महिन्यांत 'है' आणि 'और' जागेवर येतात. जिभेला वळण असलं की शेजारणीची भूमिका गावरान हिंदीत आणि वकिलीणबाईची स्वच्छ हिंदीत करता येते. पैसे दोन्हींचे मिळतात.

कोणती भूमिका घ्यावी यावर आमच्यातच वाद आहेत. बहुतेकींना खुनी हवी असते, कारण शेवटचा कबुलीचा सीन तिचा. कलाकार म्हणून ती खरोखरच भरभक्कम भूमिका आहे. पण खुनी लोकांच्या लक्षात राहते, त्यामुळे त्याच मालिकेत काही महिने तिला बोलावत नाहीत. 'ही तर मागच्या महिन्यात पकडली गेली होती' असं प्रेक्षक लगेच म्हणतात. मेलेलीचंही तेच. साक्षीदार, नर्स, घरमालकीण, लॅबमधली बाई यांना मात्र कुणी लक्षात ठेवत नाही आणि म्हणून त्यांना पुन्हा बोलावता येतं. वर्षभर चूल पेटती ठेवायची तर या बिनचेहऱ्याच्या भूमिकाच कामाला येतात. पस्तिशीनंतर तर हे फारच खरं. पत्नी आणि प्रेयसीचं वय सरलेलं असतं, सासूचं आलेलं नसतं, आणि मधली सात-आठ वर्षं वकील, डॉक्टर, मुख्याध्यापिका यांच्यावर काढावी लागतात. गीतांजली मिश्रा यांच्यासारखी एखादी 'क्राइम पेट्रोल'मध्ये वर्षानुवर्षं वेगवेगळी पात्रं करून पुढे विनोदी मालिकेत मुख्य भूमिकेपर्यंत जाते. अशी उदाहरणं हाताच्या बोटांवर मोजावी लागतात.

आता प्रेत. लोकांना वाटतं, झोपून तर राहायचं. प्रत्यक्षात सेटवर सगळ्यात जास्त रिटेक प्रेताचे होतात. पूर्ण श्वास भरून रोखला की छाती फुगलेली दिसते आणि आठव्या सेकंदाला पोट थरथरायला लागतं. अर्धा श्वास सोडून मग थांबायचं. दहा-बारा सेकंद सहज जातात आणि शॉट तेवढाच लागतो. 'अॅक्शन'च्या आधी सहायकाकडून तीन-दोन-एक अशी मोजणी मागून घ्यावी, म्हणजे कॅमेरा सुरू व्हायच्या आधीच श्वास संपत नाही. मानेची नाडी क्लोजमध्ये (चेहऱ्याच्या जवळच्या शॉटमध्ये) उडताना दिसते, तिच्यावर ओढणीचं टोक किंवा केस घ्यायचे. मिटलेल्या पापण्यांखाली बुबुळं हलतात, म्हणून डोळे मिटण्याआधी नजर खाली एका जागी लावायची आणि मग पापण्या सोडायच्या, घट्ट आवळायच्या नाहीत. आवळलेल्या डोळ्यांचं प्रेत झोपेचं सोंग घेतल्यासारखं दिसतं. डोळे उघडे ठेवून मरायचं असेल तर कॅमेऱ्याच्या जरा पलीकडे बघायचं आणि सहा सेकंदांपेक्षा लांब शॉट असेल तर तो तोडून घ्या असं सांगायचं. शूटिंगला भाड्याने दिल्या जाणाऱ्या मढच्या बंगल्यात फरशीवर, एसीच्या थंड वाऱ्याखाली असं तासभर पडायचं असतं. पाठीखाली कॅमेऱ्याला न दिसणारी पातळ चटई मागणं म्हणजे नखरे नव्हेत.

सेटवरचं रक्त साखरेच्या पाकासारखं चिकट असतं. वाळलं की कातडी ओढते, बाहेरच्या लोकेशनवर मुंग्या येतात, आणि कपड्यावरचा डाग पुरता जात नाही. इथेच पहिली चूक होते. पाहुण्या कलाकाराला बहुधा स्वतःचेच चार-पाच कपडे आणायला सांगतात (पांढरा नको, बारीक रेघांचा नको, छापील नाव नको). खुनाच्या सीनचा कपडा मात्र निर्मात्याकडूनच आणि एकसारखे दोन हवेत. एक जिवंतपणीच्या फ्लॅशबॅकला, एक रक्ताचा. एकच असेल आणि रक्ताचा शॉट आधी उरकला, तर फ्लॅशबॅकसाठी तोच ओला कपडा धुऊन, हेअर ड्रायरने वाळवून पुन्हा अंगावर चढतो आणि पडद्यावर गुलाबी ढग दिसतो.

फ्लॅशबॅक हा या मालिकांचा कणा. नवरा सांगतो तेव्हा ती भांडखोर, बहीण सांगते तेव्हा सोशिक आणि शेवटी खरं काय घडलं ते तिसरंच. सेट एक, कपडा एक, संवादही जवळपास तेच, आणि हे तिन्ही प्रकार एका दुपारी ओळीने घेतले जातात. अनुभवी बाई सीनच्या कागदावर कोपऱ्यात लिहून ठेवते: नवऱ्याचं, बहिणीचं, खरं. हातात कप कोणत्या वाक्याला होता, पदर कोणत्या खांद्यावर होता याचा फोटो ती स्वतःच्या फोनमध्ये काढते. कंटिन्युटी, म्हणजे एका शॉटचा दुसऱ्याशी मेळ, बघणारा मुलगा एकच असतो आणि त्याला दुसरी दहा कामं असतात. घालमेल झाली तर संकलनात तिचाच क्लोज कापला जातो आणि समोरच्याचा चेहरा राहतो.

चौकशीचा सीनही असाच. आधी मास्टर, म्हणजे सगळ्यांना एकत्र दाखवणारा पूर्ण सीनचा शॉट, मग अधिकाऱ्याचे क्लोज, कारण त्याला पुढच्या सेटवर जायचं असतं. पाहुणीचा क्लोज शेवटी, कधी रात्री नऊला. नव्या मुली मास्टरमध्येच धाय मोकलून रडतात आणि खऱ्या शॉटला डोळे कोरडे. मास्टरमध्ये आवाज आणि हालचाल द्यावी, अश्रू राखून ठेवावेत. अश्रूंसाठीचं ग्लिसरिन डोळ्याच्या आत नव्हे, खालच्या कडेबाहेर, काडीच्या टोकाने. कॉन्टॅक्ट लेन्स लावत असाल तर आधी काढा.

गळा दाबणं, फास, ढकलणं हे सीन असतील तर आदल्या दिवशीच विचारायचं की फाइट मास्टर किंवा त्याचा माणूस आहे का. फासाची दोरी मागून कापलेली आणि ओढताक्षणी सुटणारी हवी. पाय लोंबकळलेले दाखवायचे तर फक्त पायांचा शॉट, बाई स्टुलावर; पूर्ण देह दिसायचा असेल तर कपड्याच्या आतून हार्नेस, म्हणजे अंगाचं वजन पेलणारा पट्टा. 'दोनच सेकंद, पटकन घेऊ' असं कुणी म्हणालं तर उभं राहून नाही म्हणायचं. बलात्काराच्या सीनला काय दिसणार, कोण कुठे हात लावणार, सेटवर कोण थांबणार हे कोरड्या तालमीत, कपड्यांनिशी, दिग्दर्शकासमोर ठरवून घ्यायचं. प्रकरण खऱ्या घटनेवरचं असेल तर पीडितेची ओळख उघड करणं कायद्याने गुन्हा आहे, म्हणून नाव-गाव बदललेलं असतं. 'मी अमुक प्रकरणातली ती' असं समाजमाध्यमांवर स्वतःहून लिहिणाऱ्या मुलींना हे कुणी सांगतच नाही.

इथवर जे लिहिलं ते शिकता येतं. शिकून उपयोग नाही तो पैशांचा भाग.

पैसे नव्वद दिवसांनी द्यायचे, हा धंद्याचा रिवाज. प्रश्न एवढाच की नव्वद दिवस कधीपासून? ५ मार्चला शूट संपलं आणि तिथून मोजलं तर ३ जून. भाग २० एप्रिलला दाखवला आणि तिथून मोजलं तर १९ जुलै. आणि भाग दाखवलाच नाही तर? वाहिनीने भाग नाकारला, मालिका मध्येच बंद झाली, तर 'टेलिकास्टपासून' हा एक शब्द तिच्या दोन दिवसांच्या मजुरीवर पाणी फिरवतो. बिल पाठवल्यापासून मोजणारेही आहेत, आणि बिल कुणी कुणाला पाठवायचं ते तिला माहीत नसतं.

समजा दिवसाचे ३,००० ठरले आणि तीन दिवस काम झालं. ९,०००. को-ऑर्डिनेटरचं कमिशन २० टक्के धरू, म्हणजे १,८००. दहा टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापलेला आयकर, ९००. हातात ६,३००. यातून नायगावपर्यंतच्या रिक्षा, कपड्यांची इस्त्री, शिफ्ट लांबली त्या रात्रीचं जेवण. वर्षभरात त्या निर्मात्याकडून मिळालेली रक्कम मर्यादेच्या आत असेल तर टीडीएस कापायची गरज नसते, तरी अनेक ठिकाणी सरसकट कापतात. तो परत मिळतो, पण विवरणपत्र भरलं तर. आणि खरी मेख अशी की को-ऑर्डिनेटरने स्वतःच्या नावाने बिल लावलं असेल तर तो कर त्याच्या पॅनवर जमा होतो. हिच्या खात्यावर शून्य. म्हणून बिल स्वतःच्या नावाचं, स्वतःच्या पॅनचं, आणि पैसे थेट स्वतःच्या बँक खात्यात. पैसे आल्यावर कमिशन आपण द्यायचं. को-ऑर्डिनेटरांना हे आवडत नाही, हे आम्हाला ठाऊक आहे. आमच्यातले दोघे तेच काम करतात. शूटच्या आधी 'कार्ड', 'रजिस्ट्रेशन' किंवा 'पोर्टफोलिओ'साठी पैसे मागणारा मात्र को-ऑर्डिनेटर नसतोच. भूमिकेसाठी कलाकाराने पैसे द्यायचे नसतात, मग समोरचा कितीही मोठ्या वाहिनीचं नाव घेवो. कलाकार संघटनेचं सदस्यत्व घ्यायचं तर तिच्या कार्यालयात जाऊन घ्यावं, कुणाच्या मार्फत नको.

पैसे एकदाच मिळतात, भाग मात्र मरत नाही. तो यूट्यूबवर जातो, तिथून तुकडे होतात, तुकड्यांवर 'कातिल बहू' असल्या पाट्या चढतात आणि तिचा रडका चेहरा वर्षानुवर्षं कुणाच्या तरी कमाईला लागतो. अमेरिकेत संघटनेच्या करारामुळे पुनर्प्रसारणाला पाहुण्या कलाकाराला पुन्हा पैसे मिळतात. आपल्याकडे कॉपीराइट कायद्यात २०१२च्या दुरुस्तीने कलाकाराचे हक्क वाढले. कलम ३८-अ म्हणतं की सादरीकरणाचा व्यावसायिक वापर झाला तर कलाकार रॉयल्टीला पात्र आहे. पाहुण्या कलाकाराकडून मात्र जो कागद सही करून घेतात, तो जेवणाच्या सुट्टीत, व्हाऊचरला टाचून, इंग्रजीत आणि 'सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी' अशा शब्दांत असतो. त्याची प्रत तिला देत नाहीत. निदान फोटो काढून घ्या. हेच तुकडे कधी खरी घटना म्हणून गावाकडच्या व्हॉट्सअॅप गटांत फिरतात. त्यासाठी मूळ भागाचं नाव, तारीख आणि दुवा जपून ठेवला तर खुलासा दोन मिनिटांत करता येतो. स्वतःची शोरील, म्हणजे केलेल्या कामाची नमुना चित्रफीत, करतानाही तोच दुवा लागतो: दीड-दोन मिनिटं, पहिल्या दहा सेकंदांत बोलता चेहरा, आणि प्रेताचा शॉट एकही नको.

१९८१चा सिने कामगारांचा कायदा चित्रपटांपुरता होता, मालिका त्यात नव्हत्या. २०२०च्या व्यावसायिक सुरक्षा संहितेत 'ऑडिओ-व्हिज्युअल वर्कर' ही व्याख्या आली, तीत दूरचित्रवाणी आणि वेब मालिका आहेत, आणि लेखी करार केल्याशिवाय कामावर घेऊ नये असं म्हटलं आहे. २१ नोव्हेंबर २०२५पासून ही संहिता लागू आहे. दोन दिवसांच्या भूमिकेचा लेखी करार सेटवर बघायला मिळणं अजून दुर्मीळच. लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदाही रोजंदारीवरच्या बाईला लागू होतो. दहा किंवा अधिक माणसं असलेल्या कामाच्या जागी अंतर्गत समिती लागते, तक्रार तीन महिन्यांत करायची असते, आणि समिती नसेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जाता येतं. समितीतल्या व्यक्तींची नावं आणि फोन मेकअप रूमच्या आरशाशेजारी चिकटवायला एक कागद आणि सेलोटेप पुरते.

निर्मात्यांकडे आमचं मागणं एका पानाचं आहे: पात्र, दिवस, दिवसाचा दर, शिफ्टचे तास आणि जादा वेळेचा हिशेब, नव्वद दिवस शूटच्या शेवटच्या दिवसापासून, रात्री उशीर झाला तर घरापर्यंत गाडी, खुनाचा कपडा कुणाचा. हे पान भूमिकेचा लुक (कपडे-मेकअप) पक्का होतो त्याच दिवशी द्यावं. ते मिळेपर्यंत मुलींनी एवढं करावं. होकार कळवताना हाच मजकूर स्वतः टाइप करून को-ऑर्डिनेटर आणि प्रॉडक्शनचा माणूस अशा दोघांनाही पाठवायचा आणि खाली लिहायचं, 'बरोबर असेल तर ओके कळवा.' फोनवर ठरलं असेल तरी पाठवायचा. नुसता अंगठा आला तर पुन्हा विचारायचं, 'ओके' हा शब्द येईपर्यंत. तो येतो, कारण परवाचं शूट असतं आणि त्या घडीला दुसरी मुलगी शोधायला त्यांच्याकडेही वेळ नसतो. संभाषण फोनमधून पुसायचं नाही, स्क्रीनशॉटवर भागवायचं नाही. पूर्ण संभाषण ई-मेलवर काढून ठेवायचं आणि नव्वदाव्या दिवशी त्याच धाग्यात, त्याच 'ओके'च्या खाली, बिल पुन्हा पाठवायचं.

आपले,
एपिसोडिक मालिकांच्या कास्टिंग, दिग्दर्शन-साहाय्य आणि निर्मिती विभागांत काम करणारे काही जण
गोरेगाव, मुंबई